जपानी कंपनीशी व्यवहार: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

चाकण, रांजणगाव, सुपा या पट्ट्यातल्या कारखान्यांत जपानी पाहुणे आले की दोन्ही बाजूंच्या मधल्या खुर्चीवर दुभाषी म्हणून मी बसते. मीटिंग संपते, गाड्या निघून जातात आणि खरे प्रश्न त्यानंतर येतात. कधी पार्किंगमध्ये, कधी रात्री फोनवर. कारखानदार विचारतात, परचेसवाले विचारतात, पहिल्यांदाच जपानला निघालेली इंजिनिअर मुलंमुली विचारतात. जे प्रश्न पुन्हा पुन्हा आले, ते इथे लिहून ठेवले आहेत. घाईत असाल तर प्रश्न ७ आणि ८ आधी वाचा. बिघडलेले बहुतेक व्यवहार मी तिथेच बिघडताना पाहिले आहेत.

१. मला जपानी अजिबात येत नाही. तरी व्यवहार जमेल का?

जमेल. समोरच्या बऱ्याच जणांना इंग्रजी वाचता चांगलं येतं, पण बोलायला अवघड जातं. चारचौघांत चुकीचं बोलण्यापेक्षा ते गप्प राहतात. म्हणून मीटिंगचे मुद्दे, आकडे आणि ड्रॉइंग किमान दोन दिवस आधी लेखी पाठवा. ते आपसात वाचून, शब्द शोधून, तयार होऊन येतात आणि मीटिंगचा नूरच बदलतो.

दुभाषी शक्यतो स्वतःचा न्या. त्यांच्या बाजूचा दुभाषी प्रामाणिक असला तरी तुमच्या मालाचे बारकावे त्याला ठाऊक नसतात. बोलताना एका वाक्यात एकच गोष्ट सांगा. दुभाष्याला कळत असेल तर मराठीतच बोला, ही माझी आग्रहाची सूचना आहे. मराठी आणि जपानी दोन्हींत क्रियापद शेवटी येतं आणि विभक्तीचे प्रत्यय शब्दाच्या मागे लागतात. मराठीतून थेट जपानीत जाताना वाक्य मोडावं लागत नाही. मधे इंग्रजी आलं की ते दोनदा मोडतं.

भाषा शिकायची असेल तर जेएलपीटी या जपानी भाषेच्या परीक्षेचं केंद्र पुण्यात आहे. एन-५ सर्वांत सोपी, एन-१ सर्वांत अवघड. ऑफिसच्या कामाला साधारण एन-२ लागते.

२. व्हिजिटिंग कार्ड देण्याचा एवढा सोहळा कशासाठी?

जपानीत कार्डाला मेइशी म्हणतात. समोरच्याचं पद, विभाग आणि नाव कळल्याशिवाय त्याच्याशी कोणत्या पातळीवरची भाषा वापरायची हेच जपानी माणसाला ठरवता येत नाही. आपण ‘तू’ म्हणावं की ‘तुम्ही’ याचा अंदाज दोन वाक्यांत घेतो. तिथे क्रियापदांच्या पायऱ्या त्याहून जास्त आहेत, म्हणून कार्ड आधी लागतं.

उभं राहून, दोन्ही हातांनी, अक्षरं समोरच्याला सरळ दिसतील अशी धरून कार्ड द्या. त्यांचं कार्ड घेतल्यावर क्षणभर वाचा. नावाचा उच्चार कळला नाही तर तेव्हाच विचारा. तो अपमान ठरत नाही, उलट बरं वाटतं. बसल्यावर कार्डं टेबलावर, माणसं ज्या क्रमाने बसली आहेत त्याच क्रमाने मांडा. त्यांच्यासमोर कार्डावर काही लिहू नका आणि पँटच्या मागच्या खिशात तर कधीच ठेवू नका. निघताना किमान तीस कार्डं बरोबर असू द्या. एका मीटिंगला आठ माणसं येणं तिथे नेहमीचं आहे.

३. ‘सान’ कोणाला लावायचं आणि कोणाला नाही?

आडनावानंतर सान लावलं की बोलण्यात बहुतेक वेळा भागतं. पत्रात आणि ईमेलमध्ये सामा लिहितात. पहिल्या नावाने हाक मारू नका, ते स्वतः सुचवत नाहीत तोवर.

चूक होते ती आपल्याच साहेबांबद्दल बोलताना. आपण बाहेरच्यांपुढे ‘आमचे कुलकर्णी साहेब येत आहेत’ असं आदराने म्हणतो. जपानी रीत नेमकी उलटी आहे. बाहेरच्यांपुढे बोलताना आपल्या कंपनीतला अध्यक्षसुद्धा नुसता ‘तानाका’ होतो, कारण आपल्या घरातल्यांना खाली ठेवून पाहुण्याला मान द्यायचा असतो. उची म्हणजे आतलं, सोतो म्हणजे बाहेरचं, अशी ही विभागणी आहे. परदेशी माणसाला या चुका माफ असतात. पण जपानी भाषेत मेल लिहीत असाल तर ‘कुलकर्णी-सान येतील’ असं लिहू नका.

४. खोलीत कुठे बसायचं?

दारापासून सर्वांत लांबची जागा मानाची, म्हणजे कामिझा. दाराजवळची शिमोझा. पाहुणे म्हणून गेलात तर ते आतल्या बाजूला बसवतील, संकोच न करता बसा. ते तुमच्याकडे आले तर दाराकडे पाठ करून तुम्ही बसा. टॅक्सीत ड्रायव्हरच्या मागची जागा सर्वांत ज्येष्ठाची, ड्रायव्हरशेजारची सर्वांत कनिष्ठाची.

५. दहा मिनिटं उशीर झाला तर खरंच बिघडतं?

उशिरापेक्षा न कळवणं जास्त लागतं. ट्रॅफिकमध्ये अडकलात तर ठरलेली वेळ उलटण्याआधी फोन करा आणि किती वाजता पोचाल ते सांगा. सांगाल ती वेळ थोडी सैल सांगा. पंधरा मिनिटं सांगून पंचवीस लावली तर दोनदा चुकल्यासारखं होतं. रिसेप्शनला पाच मिनिटं आधी जावं. वीस मिनिटं आधी जाऊन उभं राहिलं तर त्यांची धावपळ होते. ऑनलाइन मीटिंग असेल तर जपान आपल्यापेक्षा साडेतीन तास पुढे आहे. आपली दुपारी चारची वेळ म्हणजे त्यांची संध्याकाळची साडेसात. शक्यतो आपल्या सकाळी धरा.

६. मीटिंगमध्ये सगळे ‘हाय, हाय’ म्हणत होते. मग ऑर्डर का आली नाही?

‘हाय’ म्हणजे हो, हे शब्दकोशातलं उत्तर. मीटिंगमधलं ‘हाय’ म्हणजे ‘ऐकतोय, पुढे बोला’. आपण कीर्तन ऐकताना मान डोलावतो किंवा गोष्ट ऐकताना ‘हं’ म्हणतो, तसं. त्याला आइझुची म्हणतात. ती दिली नाही तर बोलणाऱ्याला वाटतं, समोरच्याचं लक्ष नाही.

नकार ओळखायला शिकावं लागतं. ‘मुझुकाशी’ म्हणजे अवघड आहे. आपण ‘अवघड आहे’ ऐकलं की ‘मग सोपं कसं करू?’ म्हणून पुढे सरसावतो. तिथे ते बहुतेक वेळा ‘नाही’ असतं. ‘केन्तो शिमासु’ म्हणजे विचार करून पाहतो. त्यानंतर कोण, कधीपर्यंत, काय कळवणार हे काहीच बोललं गेलं नाही, तर फार आशा धरू नका. दातांतून हवा आत ओढत मान तिरकी केली, तर तोही नकारच.

तोंडावर ‘नाही’ म्हणून समोरच्याला खजील करायचं नाही, हा त्यामागचा भाव आहे. चारचौघांत मांडायचं ते ततेमाए आणि मनातलं ते होन्ने. याला ढोंग म्हणणारे लोक मला भेटतात. मला ते अन्यायाचं वाटतं. लग्न जुळवताना ‘पत्रिका जुळत नाही’ म्हणून दोन्ही घरांची अब्रू राखणारी माणसं आपल्याकडे आहेतच.

खरं उत्तर हवं असेल तर मीटिंगमध्ये रेटू नका. नंतर त्यांच्यातल्या मधल्या फळीच्या माणसाला एकट्याला विचारा: ‘आमच्या प्रस्तावात कोणती गोष्ट सर्वांत जास्त अडते आहे?’ यावर उत्तर मिळतं. ‘ऑर्डर देणार का?’ यावर मिळत नाही.

७. निर्णयाला चार-चार महिने का लागतात?

कारण निर्णय मीटिंगमध्ये होत नाही. मीटिंग हा झालेल्या निर्णयाचा मुहूर्त असतो. त्याआधी नेमावाशी चालते. हा शब्द बागकामातला आहे. मोठं झाड हलवायचं असेल तर आधी मुळांभोवती खणून ती तयार करतात आणि मगच झाड उचलतात. प्रस्ताव मांडणारा माणूस उत्पादन, गुणवत्ता, खरेदी, हिशेब अशा प्रत्येक विभागात जाऊन एकेकाशी बोलतो, शंका गोळा करतो, कागद दुरुस्त करतो. मग रिंगी-शो नावाचा कागद खालून वर फिरतो आणि प्रत्येक टेबलावर त्यावर शिक्का पडतो. आता बऱ्याच कंपन्यांत तो संगणकावर फिरतो, पण फिरतोच.

तुमच्या बाजूने करण्यासारखं बरंच आहे. तुमचा प्रस्ताव तुमच्या गैरहजेरीत वाचला जाणार आहे, हे धरून तो लिहा. आठ विभागांतला प्रत्येक जण आपल्याला लागणारा आकडा त्यात शोधेल. ‘वर्ल्ड क्लास’, ‘बेस्ट क्वालिटी’ असल्या शब्दांचा त्यांना काही उपयोग नाही. गेल्या १२ महिन्यांची रिजेक्शनची टक्केवारी, मशीनची यादी, कामगार किती वर्षं टिकतात, वीज गेली तर काय सोय, हे हवं असतं. आणि प्रश्न येऊ लागले की वैतागू नका. तेच ते प्रश्न वेगवेगळ्या माणसांकडून येणं म्हणजे तुमचा कागद फिरतोय. प्रश्न थांबले की काळजी करा.

एकदा ठरलं की मात्र काम फार वेगाने सुरू होतं, कारण सगळे विभाग आधीच तयार असतात. आपण तेव्हा गाफील सापडतो. चार महिने वाट पाहून कंटाळलेला कारखानदार टूलिंगची तयारी सोडून देतो आणि ऑर्डर आल्यावर धावतो.

८. माल उशिरा जाणार हे आज कळलं. आजच सांगू की मार्ग काढून मग सांगू?

आजच सांगा. आत्ता सांगा.

आपला स्वभाव असा की वाईट बातमी एकटी पाठवायची नाही, उपायासकट पाठवायची. त्यात आपल्याला जबाबदारी दिसते. जपानी खरेदीदाराला त्यात लपवाछपवी दिसते. त्यांच्याकडे पहिल्या वर्षाच्या नोकरदारालाही होरेनसो शिकवतात. होओकोकु म्हणजे अहवाल, रेन्राकु म्हणजे कळवणं आणि सोओदान म्हणजे सल्ला विचारणं, या तिन्हींची आद्याक्षरं जोडून हा शब्द होतो. होरेनसो हे पालकाच्या भाजीचंही नाव आहे, त्यामुळे कोणी विसरत नाही. काम पूर्ण झालं की सांगायचं, असं त्यात नाही. अर्ध्यात सांगायचं, अडलं की सांगायचं, न अडताही सांगायचं.

हे एका प्रसंगावरून माझ्या मनावर कोरलं गेलं. एका कारखान्यात प्लेटिंगच्या टाकीत बिघाड झाला. मालकांनी तीन दिवस रात्रंदिवस खपून दुसरीकडून प्लेटिंग करून घेतलं आणि माल फक्त एक दिवस उशिरा पाठवला. त्यांना वाटलं, कौतुक होईल. जपानी बाजूचा पहिला प्रश्न होता, ‘टाकी सोमवारी बंद पडली. आम्हाला गुरुवारी का कळलं?’ मी भाषांतर करत होते आणि मालकांचा चेहरा पाहवत नव्हता. माणूस झोपला नव्हता तीन रात्री. पण पलीकडच्या माणसाचंही खरं होतं. सोमवारी कळलं असतं तर त्याने आपल्या लाइनवरचा क्रम बदलला असता, साठ्यातून माल काढला असता, त्याच्या ग्राहकाला कळवलं असतं. तीन दिवस त्याच्याकडून हिरावले गेले होते.

पहिल्या मेलमध्ये चारच ओळी पुरतात. काय झालं, किती मालावर परिणाम होऊ शकतो, आत्ता काय करतोय, पुढची माहिती किती वाजता देऊ. ती वेळ पाळा, सांगायला नवं काही नसलं तरी. ‘अजून तपास चालू आहे, संध्याकाळी सहाला पुन्हा कळवतो’ हीसुद्धा माहिती आहे.

सुट्ट्यांनाही हेच लागू. गणपतीत निम्मे कामगार कोकणात असतात आणि दिवाळीत कारखाना बंद असतो. त्या तारखा जानेवारीतच पाठवा. त्यांच्या सुट्ट्या तुम्ही लिहून ठेवा: २९ एप्रिल ते ५ मेच्या आसपास गोल्डन वीक, ऑगस्टच्या मध्यावर ओबोन आणि २९ डिसेंबर ते ३ जानेवारी वर्षअखेर.

९. मटेरियल तेच आहे, फक्त सप्लायर बदलला. हेही कळवायचं?

हो, आणि बदलण्याआधी. माणूस, मशीन, माल, पद्धत यांपैकी काहीही बदललं तर तो ‘फोर एम चेंज’. शिफ्टचा कुशल कामगार सोडून गेला, मशीन एका शेडमधून दुसऱ्या शेडमध्ये हलवलं, तेलाचा ब्रँड बदलला, तरी. त्यांची मंजुरी येईपर्यंत जुन्याच पद्धतीने माल बनवायचा. न कळवता केलेला बदल सापडला, तर माल उत्तम असला तरी विश्वास जातो. खराब मालाबद्दल ते समजून घेतात, गुपचूप केलेल्या बदलाबद्दल सहसा घेत नाहीत.

१०. क्वालिटी रिपोर्टमध्ये ‘ऑपरेटरची चूक, समज दिली’ लिहिलं. तो परत का आला?

कारण त्यांच्या दृष्टीने ते कारणच नाही. टोयोटात ताइइची ओनो यांनी रुजवलेली पद्धत अशी की ‘का?’ हा प्रश्न निदान पाच वेळा विचारायचा. ऑपरेटरने पार्ट उलटा बसवला. का? दोन्ही बाजूंनी बसत होता. का? जिगला (पार्ट धरून ठेवणाऱ्या साच्याला) खूण नव्हती. का? जिग बनवताना ते तपासलंच नव्हतं. आता हाताला काहीतरी लागलं. जिगला एक पिन बसवली की पार्ट उलटा बसणारच नाही. याला पोका-योके म्हणतात.

रिपोर्टमध्ये दोन कारणं वेगळी लिहा: दोष झाला का, आणि झालेला दोष आपल्या तपासणीतून निसटला का. दुसरं बहुतेक जण लिहीत नाहीत. मग सारख्याच इतर पार्टवर तोच उपाय केला का तेही लिहा. माफी पहिल्याच ओळीत मागा. ती कायदेशीर कबुली म्हणून घेतली जाईल अशी भीती अनेकांना वाटते. झालेल्या त्रासाबद्दल माफी मागणं आणि दोषाची जबाबदारी निश्चित होणं या तिथे वेगळ्या गोष्टी मानतात. रक्कम मोठी असेल तर मसुदा वकिलाला जरूर दाखवा.

११. त्यांच्या आकड्यांत आणि तारखांत नेहमी घोळ होतो. सोपी युक्ती आहे का?

मान म्हणजे दहा हजार आणि ओकु म्हणजे दहा कोटी. मधले टप्पे आपल्याला सोयीचे आहेत: शंभर मान म्हणजे दहा लाख, हजार मान म्हणजे एक कोटी. जपानी माणूस मनात मानने मोजतो, आपण लाखांत, आणि दोघं इंग्रजी मिलियनमध्ये बोलायला जातात तिथे शून्य निसटतं. रक्कम नेहमी कागदावर अंकांत लिहून दाखवा. किमतीत उपभोग कर धरला आहे का तेही विचारा. तो १० टक्के आहे (खाद्यपदार्थांवर ८). करासह म्हणजे झेइकोमी, कराशिवाय म्हणजे झेइनुकी.

तारीख वर्ष, महिना, दिवस या क्रमाने लिहितात. सरकारी कागदांवर वर्ष सम्राटाच्या कालगणनेतलं असतं. सध्याच्या रेइवा कालगणनेच्या वर्षात २०१८ मिळवा की इसवी सन येतं. ‘७.४.१’ म्हणजे १ एप्रिल २०२५. आर्थिक वर्ष मात्र बहुतेक कंपन्यांचं आपल्यासारखंच, एप्रिल ते मार्च.

१२. पैसे नक्की कधी मिळतात?

बिलाच्या तारखेपासून दिवस मोजण्याची सवय सोडा. तिथे शिमेबी असते, म्हणजे हिशेब बंद करण्याची तारीख. नेहमीची पद्धत ‘महिनाअखेर बंद, पुढच्या महिनाअखेर पैसे’. ३ एप्रिलला स्वीकारलेलं काम असो की ३० एप्रिलला, पैसे ३१ मेला. १ मेला स्वीकारलं गेलं की ३० जून. एका दिवसाने महिना जातो. आणि तारीख धरतात ती केन्शूची, म्हणजे त्यांनी तपासून स्वीकारल्याची. तुम्ही पाठवल्याची नाही. समुद्रमार्गे निर्यात असेल तर करारात लिहिलेल्या अटी लागू, म्हणून या अटी आधीच बोलून घ्या. ठरलेल्या तारखेला पैसे येतात, हा माझ्या ओळखीच्या जवळजवळ सगळ्यांचा अनुभव आहे.

१३. सॉफ्टवेअरचं सगळं काम पुण्यात बसून केलं. तरी जपानमध्ये १० टक्के कर कापून पैसे का आले?

हा प्रश्न आयटीवाल्यांकडून सतत येतो. भारत आणि जपानमधल्या कर करारात तांत्रिक सेवेच्या शुल्काबद्दल खास तरतूद आहे. पैसे देणारा जपानचा रहिवासी असेल तर उत्पन्न जपानमधलं धरतात, काम कुठेही झालेलं असो. दर १० टक्के. पण त्यासाठी पैसे मिळण्याआधी कर कराराचा अर्ज तुमच्या ग्राहकामार्फत तिथल्या कर कार्यालयात जायला हवा. तो गेला नसेल तर २०.४२ टक्के कापतात आणि जादा रक्कम परत मिळवायला वेगळा खटाटोप. कापलेल्या कराचा दाखला मागून घ्या आणि भारतातल्या विवरणपत्रात त्याचं क्रेडिट घ्या. कोटेशन देतानाच हे धरलं नाही तर नफा तिथेच संपतो. जपानचं काम पाहिलेला सीए गाठा.

१४. करार दोनच पानांचा आला. सही पुरेल की शिक्का लागतो?

परदेशी कंपनीची सही चालते. करार शिक्क्याशिवायही वैध असतो, हे जपानी सरकारने २०२० मध्ये स्पष्ट केलं आहे. तरी तिथल्या कंपन्या हान्को, म्हणजे शिक्का, वापरतात. कागदी कराराला महसुली तिकीट लागू शकतं. चालू व्यवहाराच्या मूळ कराराला ते ४,००० येनचं असतं, इलेक्ट्रॉनिक कराराला लागत नाही.

करार लहान असतो, कारण शेवटी एक कलम असतं: न लिहिलेल्या बाबतीत दोन्ही पक्ष सद्भावनेने चर्चा करतील. ते कलम ते मनापासून पाळतात, म्हणून परिस्थिती बदलली तर नोटीस पाठवण्याआधी भेटा. आणखी एका कलमाने आपले लोक दचकतात: आमचा गुन्हेगारी टोळ्यांशी संबंध नाही, अशी हमी. तो तुमच्यावरचा संशय समजू नका. टोळ्यांशी व्यवहार रोखणारे नियम २०११ पर्यंत जपानच्या सगळ्या प्रांतांत लागू झाले. तेव्हापासून हे कलम बहुतेक करारांत असतं.

१५. थेट कंपनी सोडून मधे ट्रेडिंग कंपनी का घालतात?

मधला दलाल म्हणून तिच्याकडे पाहू नका. मित्सुबिशी, मित्सुई, इतोचू, सुमितोमो, मारुबेनी या मोठ्या शोशा, म्हणजे ट्रेडिंग कंपन्या, पैसा गुंतवतात, उधारीचा धोका घेतात, जहाज, विमा आणि कागदपत्रं सांभाळतात. जपानी कारखान्याला अनोळखी परदेशी पुरवठादारापेक्षा ओळखीची शोशा सोपी वाटते. तुमच्यासाठी ती ओळखपत्र आहे. शोशा मधे नसेल तर जेत्रो या जपानी सरकारच्या व्यापार संस्थेच्या मुंबई कार्यालयापासून सुरुवात करा.

मुंबईचा या व्यवहाराशी जुना संबंध आहे. १८९३ मध्ये निप्पोन युसेन काइशा या जपानी जहाज कंपनीने मुंबई ते कोबे जहाजसेवा सुरू केली, ती आपल्या कापसासाठी. इंग्रजी कंपनीच्या महाग भाड्याला कंटाळून जमशेटजी टाटा जपानला गेले होते आणि तिथे या कामी उभे राहिले ते जपानी उद्योगपती शिबुसावा एइची. २०२४ पासून दहा हजार येनच्या नोटेवर त्यांचाच चेहरा आहे. ती नोट हातात आली की मला दर वेळी कापसाच्या गाठी आठवतात.

जकातीसाठी एक लक्षात ठेवा. भारत आणि जपानमधला व्यापक आर्थिक भागीदारी करार १ ऑगस्ट २०११ पासून लागू आहे. सवलत हवी असेल तर मालाच्या मूळ देशाचा दाखला लागतो.

१६. भेट काय न्यावी? हापूस चालेल का?

ताजा हापूस बॅगेत नेऊ नका, विमानतळावर जप्त होईल. फळमाशीमुळे जपानने भारतीय आंब्याला सुमारे वीस वर्षं दार बंद ठेवलं होतं, ते २००६ मध्ये उघडलं. तेही ४७.५ अंश सेल्सिअसच्या वाफेवर २० मिनिटं प्रक्रिया केलेल्या, तपासणी झालेल्या पेट्यांसाठी. निर्यातदारांसाठी वाशीला कृषी पणन मंडळाची ती सोय आहे, प्रवाशासाठी तो मार्ग नाही.

बंद पाकिटातले वेंगुर्ल्याचे खारे काजू, मसाला चहा उत्तम. प्रत्येक नग वेगळा गुंडाळलेला हवा, कारण भेट विभागात सगळ्यांना वाटतात. चार किंवा नऊ नग नकोत. चारचा उच्चार मृत्यूसारखा, नऊचा यातनेसारखा. महागडी वस्तू त्यांना परतफेडीच्या ओझ्यात टाकते.

१७. मी शाकाहारी आहे आणि दारू पीत नाही. रात्रीच्या जेवणाला काय करू?

आमंत्रण आलं की लगेच, लेखी कळवा. नुसतं ‘व्हेजिटेरियन’ पुरत नाही. ‘मांस, मासे नको आणि माशाचा दाशीही नको’ असं लिहा. दाशी म्हणजे बऱ्याच पदार्थांच्या तळाशी असणारं सार, ते बहुधा कात्सुओ माशाचं असतं. भाजी दिसते, पण ती त्यातच शिजलेली असते. बौद्ध मठांतलं शोजिन र्योरी हे खरं शाकाहारी जेवण. त्यात कांदा-लसूणही नसतो, मुळं-कंद मात्र असतात, जैन मंडळींनी लक्षात घ्यावं.

दारूऐवजी ऊलाँग चहा मागा, कोणी आग्रह करत नाही. फक्त ‘कानपाइ’ (चिअर्स) म्हणेपर्यंत थांबा आणि शेजाऱ्याचा पेला रिकामा दिसला की भरा. या बैठकीतच होन्ने ऐकू येतं (प्रश्न ६), म्हणून जाणं टाळू नका. दुसऱ्या दिवशी सकाळी आधी आभार माना. रात्री कोणी मनातलं बोललं असेल तर ऑफिसात सगळ्यांसमोर त्याचा उल्लेख नको.

१८. जपानमध्ये स्वतःची कंपनी काढावी का?

दोन प्रकार प्रचलित आहेत. काबुशिकी गाइशाला (शेअर असलेली कंपनी) नोंदणी कर किमान १,५०,००० येन, गोदो गाइशाला (एलएलसीसारखी) ६०,०००. गोदो स्वस्त आणि सुटसुटीत आहे, ॲपल आणि ॲमेझॉनच्या जपानी कंपन्याही त्याच प्रकारच्या आहेत. पण छोट्या गावातल्या जुन्या ग्राहकाला काबुशिकी हे नाव अजून भारदस्त वाटतं.

व्हिसाबद्दलची जुनी माहिती विसरा. व्यवसाय व्यवस्थापक व्हिसासाठी पूर्वी ५० लाख येन भांडवल पुरायचं. १६ ऑक्टोबर २०२५ पासून ते ३ कोटी येन झालं. शिवाय एक पूर्णवेळ कर्मचारी हवा आणि तुम्ही किंवा तो पुरेशी जपानी जाणणारा हवा. नुसता बाजार चाचपायचा असेल तर आधी वितरक शोधणं शहाणपणाचं.

१९. हे सगळं आता जुनं झालं नाही का?

काही झालं. सरकारी कामांतली शिक्क्याची सक्ती बहुतांशी गेली, फ्लॉपी डिस्कची सक्ती २०२४ मध्ये संपली, जादा कामाला कायद्याने महिन्याला सर्वसाधारणपणे ४५ तासांची मर्यादा आली. टोकियोतल्या नव्या स्टार्टअपमध्ये लोक टी-शर्टवर भेटतात, चॅटवर निर्णय देतात. ओसाकावाले मोकळेपणाने भाव करतात. समोरची कंपनी कोणती ते पाहून वागा. प्रश्न ८ मधलं मात्र मला सगळीकडे सारखंच लागू पडताना दिसलं आहे.

२०. आमच्या ग्राहक कंपनीचे जपानी एम.डी. बदलून चाललेत. पाच वर्षांत जमवलेला विश्वास गेला का?

अर्धा त्यांच्याबरोबर जातो, हे खरं. पुण्यात आलेले जपानी साहेब बहुधा तीन ते पाच वर्षांत परत जातात आणि बदल्या बऱ्याचदा एप्रिलच्या आसपास होतात. जाणारा येणाऱ्याला कामाची सूत्रं देतो, त्याला हिकित्सुगी म्हणतात. त्या एक-दोन आठवड्यांत दोघंही इथे असतात. तेवढ्यात दोघांना मिळून कारखान्यात बोलवा. तोंडी ठरलेल्या सगळ्या गोष्टी (किमतीतली सूट, पॅकिंगमधली सवलत, अर्धवट राहिलेली चर्चा) एका पानावर लिहून जाणाऱ्या साहेबांकडून आधी तपासून घ्या आणि त्या दिवशी ते पान त्यांनाच नव्या साहेबांच्या हाती द्यायला सांगा. ते तुमच्या हातून गेलं तर तो तुमचा दावा ठरतो. त्यांच्या हातून गेलं तर कंपनीची नोंद. जुन्या साहेबांना पुढच्या जानेवारीत नववर्षाचं शुभेच्छापत्र पाठवायला विसरू नका. ते आता मुख्यालयात आहेत आणि तुमचा पुढचा रिंगी-शो कदाचित त्यांच्याच टेबलावरून जाईल.